चटका, ताप आणि उष्णता

हिवाळ्यातल्या एखाद्या सकाळी वर्गातल्या मुलांना एक हात बाकाच्या लाकडी फळीवर आणि दुसरा हात त्याच बाकाच्या लोखंडी पायावर ठेवायला सांगा. मग विचारा, यांतले अधिक थंड कोणते? सगळा वर्ग एका आवाजात 'लोखंड' म्हणून ओरडेल. आता तापमापक काढा. त्याचा फुगा आधी फळीला आणि नंतर लोखंडाला चिकटपट्टीने टेकवून ठेवा, वरून थोडा कापूस झाका आणि दहा-दहा मिनिटे थांबा. दोन्ही वेळा पारा एकाच खुणेवर उभा राहिलेला दिसेल. मुले एकमेकांकडे पाहू लागतात. एखादे धीट मूल म्हणते, "पण सर, लागतंय तर थंडच!"

या मुलाला आपण शिक्षक मंडळी वर्षानुवर्षे एकच उत्तर देत आलो आहोत: त्वचा फसवते, तापमापक खरे बोलतो. आम्हीही पुष्कळ वर्षे हेच सांगत होतो. उष्णतेच्या शास्त्राचा इतिहास थोडा खोलात जाऊन पाहिल्यावर मात्र हे उत्तर आम्हाला अपुरे वाटू लागले, आणि त्या मुलावर थोडासा अन्याय करणारेही. कारण त्या मुलाने उभी केलेली अडचण सोडवायला जगातल्या मोठमोठ्या बुद्धिवंतांना सोळाशे वर्षे लागली. 'गरम' या एका शब्दाच्या पोटात तीन-चार निरनिराळे प्रश्न दडून बसले होते. ते एकेक करून सुटे कसे झाले, याचीच ही हकिगत आहे.

एक शब्द, अनेक कामे

आपल्या रोजच्या बोलण्याकडे प्रथम पाहू. डोके तापते, चर्चा तापते, निवडणुकीच्या दिवसांत गावातले वातावरण तापते. माणूस तापट असतो, भांडण पेटते, राग भडकतो आणि मग हळूहळू निवतो. या कुठल्याही ठिकाणी आपण तापमापक लावत नाही, तरी ऐकणाऱ्याला अर्थ अचूक कळतो. एखादी गोष्ट किती तीव्र आहे हे सांगायचे झाले की आपण उष्णतेची भाषा वापरतो.

असे का व्हावे? ऊब, कोमट, गरम, कढत, चटका अशी ही चढण प्रत्येकाने स्वतःच्या अंगाने अनुभवलेली असते. तिच्यात कुठे खंड नसतो, आणि वरच्या टोकाला ती वेदनेत मिळून जाते. कमी-जास्तपणा म्हणजे काय, हे लहान मुलाला पट्टीने लांबी मोजण्याच्या कितीतरी आधी अंघोळीच्या पाण्याने कळते.

आता एक बारकावा लक्षात घ्या. राग 'किती तीव्र' असे आपण विचारतो, 'किती शेर' असे विचारत नाही. म्हणजे या सगळ्या वाक्प्रचारांत उष्णता तीव्रतेच्या अर्थाने येते, साठ्याच्या अर्थाने येत नाही. हा फरक बोलण्यात सहज जमून जातो. शास्त्रात तो जमायला फार वेळ लागला.

वैद्यांचे अंश

उष्णतेला 'अंश' प्रथम लावले ते वैद्यांनी, तापमापक जन्माला येण्याच्या कितीतरी आधी. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात रोमन साम्राज्यात गेलेन नावाचा ग्रीक वैद्य होऊन गेला. त्याने औषधांची उष्ण आणि शीत, कोरडी आणि ओली अशी वर्गवारी केली आणि प्रत्येक गुणाच्या चार पायऱ्या मानल्या. पहिल्या पायरीचे औषध इतके सौम्य की त्याची उष्णता जेमतेम जाणवावी. चौथ्या पायरीचे इतके जहाल की त्याने शरीर भाजून निघावे. उष्णही नाही आणि शीतही नाही असा मधला बिंदू कोणता, हे ठरवण्यासाठी बर्फ आणि उकळते पाणी सारख्या प्रमाणात एकत्र करावे, असेही त्याने सुचवले होते. म्हणजे पुढे तापमापकाच्या दोन टोकांना जाऊन बसलेले दोन्ही पदार्थ त्याच्या डोळ्यांसमोर होते.

आपल्याकडे आयुर्वेदात द्रव्यांचे उष्णवीर्य आणि शीतवीर्य असे भेद आहेत. मिरी, सुंठ, पिंपळी ही द्रव्ये उष्ण मानली जातात. मिरीचे दाणे तळहातावर घेतले तर ते गारच लागतात. ती उष्ण म्हणायची ती शरीरात गेल्यावर जो परिणाम करते त्यावरून. ग्रीक काय आणि भारतीय काय, दोन्हीकडे माणसाचे शरीर हेच उष्णता ओळखण्याचे साधन होते.

नवव्या शतकात बगदादमध्ये अल्-किंदी या विद्वानाने या पायऱ्यांना गणित लावले. त्याच्या मते औषध एक अंशाने उष्ण असेल तर त्यात थंडीच्या दुप्पट उष्णता, दोन अंशांनी उष्ण असेल तर चौपट, तीन अंशांना आठपट आणि चार अंशांना सोळापट. निरनिराळी औषधे एकत्र केली तर मिश्रण किती अंशांचे होईल, याचा हिशेब मांडण्यासाठी हा सगळा खटाटोप होता. यातला एकही आकडा मोजून आलेला नव्हता. पण गुणालाही संख्येत धरता येईल, ही कल्पना धीटपणाची होती.

तापमापकाशिवाय काढलेला आलेख

चौदाव्या शतकात ऑक्सफर्ड आणि पॅरिस येथील विद्वानांना एक प्रश्न सतावत होता. दोन हात लांबीच्या काठीत आणखी दोन हातांची काठी जोडली की चार हात होतात. मग कोमट पाण्यात तितकेच कोमट पाणी ओतले तर ते दुप्पट गरम का होत नाही? लांबीची बेरीज होते तशी गुणाची होत नाही, हे उघड होते. मग गुण 'वाढतो' म्हणजे नक्की काय होते?

या वादात उदाहरण म्हणून वारंवार येई ती उष्णताच. पॅरिसचा निकोल ओरेम याने यावर एक सुंदर युक्ती काढली. समजा, एका लोखंडी सळईचे एक टोक विस्तवात आहे. सळईची लांबी एका आडव्या रेषेने दाखवा. तिच्या प्रत्येक बिंदूवर, तिथे जितकी तीव्र उष्णता असेल तितक्या उंचीची उभी रेषा काढा. उभ्या रेषांची टोके जोडली की एक आकृती तयार होते. उभी रेषा म्हणजे तीव्रता, आडवी रेषा म्हणजे व्याप्ती आणि आकृतीचे क्षेत्रफळ म्हणजे त्या गुणाची एकूण राशी.

नववीच्या वर्गात वेग-काल आलेखाखालचे क्षेत्रफळ म्हणजे कापलेले अंतर, असे आपण शिकवतो. ती कल्पनाही ओरेमच्या याच आकृत्यांमध्ये आहे, कारण त्याने हीच पद्धत वेगालाही लावून दाखवली होती. उष्णता किती तीव्र आणि उष्णता एकूण किती, हे दोन वेगळे प्रश्न आहेत, हे त्याच्या आकृतीत इतक्या लवकर उमटले होते. पण ते राहिले कागदावरच. उभी रेषा किती उंच काढायची हे सांगणारे उपकरण त्याच्याजवळ नव्हते.

विहिरीचे पाणी आणि लॉकचे पातेले

ते उपकरण आले सोळाव्या शतकाच्या अखेरीस. गॅलिलिओने काचेचा फुगा आणि त्याला जोडलेली बारीक नळी घेऊन उष्णतादर्शक तयार केला. फुग्यातली हवा तापून प्रसरण पावली की नळीतले पाणी खाली सरके. पादुआचा वैद्य सांतोरिओ याने सतराव्या शतकाच्या आरंभी अशा उपकरणाला खुणा केल्या आणि रुग्णाचा ताप पाहण्यासाठी ते वापरले. पुढे फ्लॉरेन्समध्ये नळीचे तोंड बंद करून आत मद्यार्क भरण्याची रीत सुरू झाली, त्यामुळे हवेच्या दाबाचा घोटाळा टळला.

या उपकरणाने पहिला दणका दिला तो एका फार जुन्या समजुतीला. विहिरीचे पाणी थंडीत कोमट लागते आणि उन्हाळ्यात गार लागते, हा आपल्या खेड्यांतला रोजचा अनुभव. युरोपात तोच अनुभव तळघरांबाबत होता, आणि त्यावर ॲरिस्टॉटलपासून चालत आलेले स्पष्टीकरणही तयार होते: हिवाळ्यात बाहेरच्या थंडीमुळे उष्णता जमिनीत कोंडली जाते आणि तिथे ती वाढते. १६६५ साली रॉबर्ट बॉईलने थंडीवर लिहिलेल्या ग्रंथात या मताची झडती घेतली. तापमापक खोल तळघरात ठेवून पाहिला तर हिवाळा-उन्हाळ्यात तिथे फार थोडा फरक पडतो. बदलतो तो वरून आलेला माणूस.

१६९० साली इंग्लंडमधल्या जॉन लॉकने हाच मुद्दा एका पातेल्यात आणून ठेवला. एकच पाणी एका हाताला गार आणि त्याच वेळी दुसऱ्या हाताला गरम लागू शकते, असे त्याने लिहिले. एक हात गरम पाण्यात, दुसरा थंड पाण्यात आणि मग दोन्ही कोमट पाण्यात, हा आपल्या पाठ्यपुस्तकातला प्रयोग त्याच विचारातला. एकच पाणी एकाच वेळी गरम आणि गार असू शकत नाही. तेव्हा जाणवणारा गारपणा पाण्यात नाही, तो आपल्यात आहे, असा लॉकचा निष्कर्ष होता. 'त्वचा फसवते' हे आपले वाक्य इथून आलेले आहे.

तरीसुद्धा त्वचेला मापनातून बाहेर काढणे सोपे गेले नाही. फॅरेनहाइटने १७२४ साली आपले माप प्रसिद्ध केले त्यात तीन खुणा होत्या. बर्फ, पाणी आणि नवसागर यांच्या मिश्रणाचा शून्य, बर्फ आणि पाण्याचा ३२, आणि निरोगी माणसाच्या तोंडात किंवा काखेत मिळणारा ९६. म्हणजे पट्टीचे एक टोक अजून माणसाच्या अंगातच होते. १७४२ साली सेल्सिअसने दोन्ही खुणा पाण्यावरून घेतल्या, एक गोठण्याची आणि एक उकळण्याची. गंमत म्हणजे त्याने उकळबिंदूला शून्य आणि गोठणबिंदूला शंभर म्हटले होते. ती पट्टी नंतर उलटी झाली. पण महत्त्वाचे हे की, आता मापातून माणूस बाहेर पडला होता.

दोन प्रश्न वेगळे होतात

आता सगळे सुरळीत व्हायला हवे होते. पण तापमापक नेमके काय मोजतो, हेच कोणाला ठाऊक नव्हते. बहुतेकांची समजूत अशी की, तो वस्तूत किती उष्णता आहे ते मोजतो.

ही गाठ सोडवली स्कॉटलंडच्या जोसेफ ब्लॅकने. ग्लासगो आणि नंतर एडिंबरो येथे तो वैद्यकाच्या विद्यार्थ्यांना रसायनशास्त्र शिकवत असे. आयुष्यभर त्याने फार थोडे छापले. उष्णतेवरचे त्याचे बहुतेक काम वर्गातल्या व्याख्यानांतूनच पसरले, आणि ती व्याख्याने पुस्तकरूपाने आली ती त्याच्या मृत्यूनंतर, १८०३ साली. एका शिक्षकाने शिकवताना लावलेला हा शोध आहे, हे आपण विसरू नये.

ब्लॅकने फॅरेनहाइटचा एक जुना प्रयोग पुन्हा विचारात घेतला. १०० अंशांचे (फॅरेनहाइट) पाणी घ्या आणि त्यात तेवढ्याच घनफळाचा १५० अंशांचा पारा मिसळा. मध्य साधला तर १२५ अंश यायला हवेत. येतात साधारण १२०. पारा ३० अंशांनी उतरला आणि पाणी अवघे २० अंशांनी चढले. पाऱ्याने दिलेली उष्णता तर पाण्यानेच घेतली. तेव्हा तेवढ्याच घनफळाचा पारा तेवढ्याच अंशांनी तापायला कमी उष्णता पुरते, असे निघते. म्हणजे तापमान सारखे असले तरी उष्णता सारखी नसते. यालाच आज आपण विशिष्ट उष्माधारकता म्हणतो.

दुसरा प्रयोग बर्फाचा. त्याने दोन सारख्या काचपात्रांत सारखेच पाणी घेतले. एकातले गोठवून बर्फ केले, दुसऱ्यातले गोठणबिंदूच्या जवळ आणून ठेवले. दोन्ही पात्रे एका मोठ्या दालनात टांगली. पाण्याचे तापमान अर्ध्या तासात ३३ वरून ४० अंश फॅरेनहाइट झाले. बर्फाला वितळून त्याच ४० अंशांवर यायला साडेदहा तास लागले. इतका वेळ दालनातली उष्णता बर्फात जातच होती, पण तापमापक हलत नव्हता. या न दिसणाऱ्या उष्णतेला ब्लॅकने नाव दिले तेच आपल्या पुस्तकांतला अप्रकट उष्मा, जुन्या पुस्तकांतली सुप्त उष्णता.

उष्णतेची तीव्रता आणि उष्णतेची राशी यांची गल्लत करू नका, असे ब्लॅक विद्यार्थ्यांना बजावत असे. तापमापक पहिलीच मोजतो. ओरेमच्या आकृतीतली उभी रेषा आणि क्षेत्रफळ आता प्रयोगशाळेत वेगळी झाली होती.

आपल्या मुलांना हा फरक दिवाळीत दिसतो. फुलबाजीच्या ठिणगीचे तापमान हजार अंश सेल्सिअसच्या घरात असते. ती हातावर पडली तर बहुतेक वेळा नुसते टोचल्यासारखे होते, कारण इवल्याशा कणात उष्णता ती किती असणार! उलट बंबातले पाणी साठ-सत्तर अंशांचे, पण तांब्याभर अंगावर सांडले तर कातडी सोलून निघते. (फुलबाजीची तापलेली तार मात्र ठिणगी नव्हे. ती खरोखर भाजते, हे मुलांना जरूर सांगावे.)

बाकाकडे परत

आपल्या बाकाचा प्रश्न अजून सुटलेला नाही. फळी आणि लोखंड यांचे तापमान सारखे. मग लोखंड गार का लागते?

१७५७ साली बेंजामिन फ्रँकलिनने एका मित्राला पत्र लिहिताना हाच प्रश्न घेतला होता, आणि उदाहरणही जवळजवळ हेच होते. ज्या मेजावर तो लिहीत होता त्याचे लाकूड आणि त्या मेजाचे कुलूप. दोन्ही एकाच हवेत आहेत, दोघांची उष्णता एकाच अंशाची आहे, तरी हात ठेवला तर कुलूप अधिक गार लागते. कारण धातू उष्णतेचा अधिक चांगला वाहक आहे, तो हातातली उष्णता भराभर ओढून घेतो.

म्हणजे हात एक तिसराच प्रश्न सोडवत होता. 'किती तीव्र' हा नव्हे आणि 'एकूण किती' हाही नव्हे, तर 'किती वेगाने जाते आहे' हा! आपल्या त्वचेचे तापमान साधारण ३३ अंश सेल्सिअस असते. त्वचेतले मज्जातंतू वस्तूचे तापमान वाचत नाहीत. ते वाचतात खुद्द त्वचेचे तापमान आणि त्यात होणारा बदल. लोखंडाला हात लावताच त्वचा चटकन निवते. ती बातमी मेंदूकडे जाते, आणि ती बातमी अगदी खरी असते.

ही गोष्ट वर्गात पडताळून पाहता येते. हिवाळ्यात गार लागणारे तेच लोखंड मे महिन्यात उन्हात ठेवा. आता फळीपेक्षा तेच अधिक चटका देते. लोखंडाचा काही 'थंड स्वभाव' असता तर असे झाले नसते. आणि ज्या दिवशी खोलीचेच तापमान ३३ अंशांच्या आसपास असेल त्या दिवशी फळी आणि लोखंड यांतला फरक जवळजवळ नाहीसा होतो. मुलांना आधी अंदाज करायला सांगावे, मग हात लावू द्यावा.

तिखट आणि गरम

आता उरला चौथा प्रश्न. इंग्रजीत गरम आणि तिखट या दोन्हींना एकच शब्द आहे, 'हॉट'. मराठीने ते वेगळे ठेवले आहेत. आपले 'तिखट' आले आहे 'तीक्ष्ण' या शब्दावरून, म्हणजे त्यात धार आहे, आच नाही. तरीही ठेचा खाल्ल्यावर आपणही 'तोंड भाजले', 'जिभेची आग झाली' असेच म्हणतो. हा नुसता अलंकार समजायचा का?

मिरची मूळची अमेरिकेतली. पोर्तुगीजांबरोबर सोळाव्या शतकात ती गोव्याच्या बाजूने आपल्याकडे आली आणि मिरीवरून तिला नाव मिळाले. तिच्यातले जहाल द्रव्य म्हणजे कॅप्सेसिन. १९१२ साली अमेरिकेतल्या विल्बर स्कोव्हिल या औषधतज्ज्ञाने मिरचीची तीव्रता मोजण्याची एक रीत काढली. मिरचीचा अर्क साखरेच्या पाण्यात विरळ करत जायचे आणि चाखणाऱ्यांना तिखटपणा जाणवेनासा होईपर्यंत किती पटींनी विरळ करावे लागले ते मोजायचे. गेलेनच्या अंशांप्रमाणे इथेही उपकरण म्हणजे माणसाचे शरीरच.

त्वचेच्या बाजूनेही शोध चालू होता. १८८० च्या दशकात स्वीडनच्या माग्नुस ब्लिक्सने दाखवले की, त्वचेवर उष्णता जाणणारे ठिपके वेगळे आणि थंडी जाणणारे ठिपके वेगळे असतात. १८९६ साली त्याच देशातल्या टोर्स्टेन थुनबर्गने कोमट आणि गार नळ्या एकाआड एक मांडल्या. एकही नळी भाजण्याइतकी गरम नसताना त्यांवर ठेवलेल्या हाताला भाजल्याची वेदना झाली. आणि १९९७ साली कॅलिफोर्नियात डेव्हिड ज्युलियस आणि त्याच्या सहकाऱ्यांनी मज्जातंतूंच्या टोकांवरचे एक प्रथिन शोधून काढले. हे प्रथिन म्हणजे एक प्रकारचे दार आहे. तापमान सुमारे ४३ अंशांच्या वर गेले की ते उघडते आणि मेंदूकडे 'भाजते आहे' असा इशारा जातो. कॅप्सेसिननेही हेच दार उघडते. पुदिन्यातल्या मेन्थॉलने उघडणारे थंडीचे दार २००२ साली सापडले. ज्युलियसला २०२१ साली आर्डेम पाटापुटियनबरोबर नोबेल पारितोषिक मिळाले.

म्हणजे 'तोंड भाजले' हे नुसते बोलणे नाही. तापमापक जिभेवर ठेवला तर तो काही दाखवणार नाही, पण मेंदूला मिळालेला इशारा चटक्याचाच असतो. इथे प्रश्न 'किती गरम' असा नसून 'धोका आहे का' असा आहे.

हा फरक कशासाठी शिकवायचा?

किती तीव्र, एकूण किती, किती वेगाने आणि धोका आहे का. हे चार प्रश्न वेगळे ओळखणे हे केवळ परीक्षेपुरते नाही, असे आम्हाला मुद्दाम सांगायचे आहे.

स्वस्थ बसलेला प्रौढ माणूससुद्धा जुन्या १०० वॅटच्या दिव्याइतकी उष्णता सतत बाहेर टाकत असतो. टाकली नाही तर शरीराचे तापमान चढू लागते. हवा त्वचेपेक्षा थंड असेल तर हे काम आपोआप होते. हवाच ३५ अंशांच्या वर गेली की एकच मार्ग उरतो, तो घामाचा. घामाचे पाणी वाफ होऊन उडताना प्रत्येक ग्रॅममागे सुमारे ५८० कॅलरी उष्णता घेऊन जाते. हा ब्लॅकचाच अप्रकट उष्मा, आणि भर उन्हाळ्यात तोच आपल्याला जगवतो. पण हवा दमट असेल तर घाम उडत नाही, नुसता निथळतो.

म्हणून विदर्भातले कोरडे ४२ अंश आणि कोकणातले दमट ३६ अंश यांची तुलना नुसत्या पाऱ्यावरून करता येत नाही. १६ एप्रिल २०२३ रोजी नवी मुंबईत खारघरच्या उघड्या मैदानावर भरलेल्या कार्यक्रमात भर उन्हात बसलेल्या लोकांपैकी १४ जणांचा उष्माघाताने बळी गेला. त्या दिवशी परिसरातला पारा सुमारे ३८ अंशांवर होता. आकडा ऐकून कोणी फारसे घाबरले नसते. पण दमट हवा, डोक्यावर ऊन आणि तासन्‌तास हालचाल नाही, हे सगळे पाऱ्यात दिसत नाही. तापमापक खोटे बोलला नव्हता. त्याला विचारलेला प्रश्नच अपुरा होता.

हे चौघांचे वेगळेपण आपल्या भाषेला फार पूर्वीपासून ठाऊक आहे. चुलीजवळ बसल्यावर लागते ती धग. दारातून येते ती उन्हाची झळ. तव्याला हात लागला की बसतो तो चटका. गोधडीत मिळते ती ऊब. पावसाआधी हवा कुंद झाली की होतो तो उकाडा. प्रत्येक शब्दात शरीराने टिपलेली वेगळी बातमी आहे. धग आणि झळ यांत उष्णता दुरून येते, चटक्यात ती वेगाने आत शिरते, उबेत ती बाहेर जायची थांबते आणि उकाड्यात तिला बाहेर जायला वाटच नसते. उष्णतेचे संक्रमण शिकवताना हे पाच शब्द फळ्यावर लिहावेत आणि प्रत्येकात उष्णता कुठून कुठे आणि कशी जाते, ते मुलांनाच शोधू द्यावे. मुले आपल्या घरातले आणखी शब्द आणतील. तेही फळ्यावर घ्यावेत.

आणि पुन्हा एखादे मूल म्हणाले, "पण सर, लागतंय तर थंडच!" तर त्याला 'तुझा हात फसवतो' असे सांगू नये. "बरोबर आहे तुझे," असे म्हणावे, "आता सांग, तुझ्या हाताने कोणत्या प्रश्नाचे उत्तर दिले?" एप्रिलच्या दुपारी पत्र्याखालच्या वर्गात तेच मूल "सर, फार उकडतंय" असे म्हणेल, तेव्हाही भिंतीवरच्या पाऱ्याकडे पाहून त्याला गप्प बसवू नये. आधी खिडक्या उघडाव्यात, त्याला पाणी प्यायला पाठवावे आणि मग त्याच्या शरीराने काय मोजले ते वर्गाला समजावून सांगावे.